चेरी ब्लॉसमची पानं जुलैत पिवळी पडून माना टाकतात: पाणी कमी पडतंय की जास्त होतंय?

ही माहिती परसात लावलेल्या शोभेच्या चेरीसाठी आहे. फिकट गुलाबी, पाच पाकळ्यांची योशिनो, गडद गुलाबी भरगच्च फुलांची कान्झान (नर्सरीच्या पाटीवर बहुतेक वेळा ‘क्वान्झान’ लिहिलेलं असतं) आणि झुकत्या फांद्यांची कलमी चेरी, तिन्हींना सारखीच लागू. खालची मापं न्यू जर्सीच्या मध्य भागातली, एडिसनच्या आजूबाजूची जड चिकणमाती गृहीत धरून दिली आहेत. झाड लावून तीन वर्षं झालेली नसतील, तर पुढचं सगळं क्रमाने करा.

लक्षणं

- दुपारी पानं मलूल होतात, पण सकाळी पुन्हा ताठ दिसतात.
- पानं सकाळीही मलूलच असतात.
- आतल्या बाजूची जुनी पानं आधी पिवळी पडतात आणि हात लावताच गळतात.
- पानांच्या कडा तपकिरी, कुरकुरीत होतात.
- पानांवर बारीक जांभळट ठिपके येतात, ठिपक्यांच्या जागी भोकं पडतात, मग पान पिवळं होऊन गळतं.
- नवी पानं पिवळी, पण शिरा हिरव्या.
- खोडावर मधाच्या रंगाचा डिंक दिसतो.
- सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये अवेळी चार फुलं येतात आणि पुढच्या एप्रिलमध्ये बहर विरळ असतो.

यातली पहिली चार लक्षणं पाणी कमी पडल्यावर येतात आणि तीच चार पाणी जास्त झाल्यावरही येतात. गोंधळ होतो तो इथेच. माती सतत ओली राहिली की तिच्यातल्या पोकळ्यांत हवेऐवजी पाणी भरतं, मुळांचा श्वास कोंडतो आणि बारीक मुळं कुजतात. मुळंच नसतील तर चिखलात उभं असलेलं झाडही तहानलेलं राहतं आणि पान तहानेचंच चित्र दाखवतं. ते पाहून आपण आणखी पाणी घालतो आणि उरलेली मुळंही जातात. चेरी, पीच, जर्दाळू ही प्रूनस वंशातली झाडं यात जास्तच नाजूक आहेत, कारण हवा न मिळालेल्या त्यांच्या मुळांत सायनाइडयुक्त विषारी द्रव्यं सुटतात. मेपल किंवा विलो जे सहन करतं ते चेरी करत नाही.

म्हणून पान बघून नळ उघडू नका. आधी माती बघा.

१. मातीत स्क्रूड्रायव्हर खुपसा (फुकट, पाच मिनिटं)

वीसेक सेंटिमीटर लांब स्क्रूड्रायव्हर घ्या आणि तीन ठिकाणी खुपसा: खोडापासून १५ सेंटिमीटरवर, म्हणजे नर्सरीतून आलेल्या मातीच्या गोळ्यात, लावताना खणलेल्या खड्ड्याच्या कडेला, आणि खड्ड्याबाहेर, लॉनच्या मातीत. सहज आत गेला तर ओल आहे. अर्ध्यावर अडला तर कोरडं आहे किंवा माती दाबली गेली आहे. मग प्रत्येक जागी खुरप्याने १० ते १५ सेंटिमीटर खोल उकरून चिमूटभर माती मुठीत दाबून पाहा.

माती भुरभुरली, गोळा झालाच नाही, तर कोरडी. गोळा झाला, बोटाने टोचल्यावर फुटला आणि हात फारसा माखला नाही, तर वाफसा आहे, आज पाणी नको. गोळा चकाकतो, दाबल्यावर पाणी सुटतं, रंग राखाडीकडे झुकलेला आहे किंवा नासक्या अंड्यासारखा वास येतो, तर पाणी जास्त आहे. तेव्हा नळ बंद ठेवा आणि थेट तिसऱ्या तपासणीकडे जा.

तीन जागा तपासायचं कारण असं की नर्सरीतला गोळा बहुधा झाडाची साल आणि पीट यांच्या हलक्या मिश्रणाचा असतो. तो आजूबाजूच्या चिकणमातीपेक्षा फार लवकर वाळतो. लॉनची माती ओली दिसते, पण झाडाची जवळपास सगळी मुळं ज्या गोळ्यात आहेत तो आत ठणठणीत कोरडा असतो. याच्या उलटही होतं: चिकणमातीत खणलेल्या खड्ड्यात पाणी साचून राहतं आणि वरची माती मात्र सुकून भेगाळलेली दिसते. एकाच जागी टोचलंत तर दोन्ही वेळा उत्तर चुकेल.

सकाळी सातच्या आत झाडाकडे एक फेरीही मारा. फक्त दुपारी मलूल होऊन रात्रीत सावरणारं झाड ३५ अंशांच्या उन्हाशी जुळवून घेत असतं. माती वाफशावर असेल तर त्याला काहीच करू नका. सकाळीही माना टाकलेल्याच असतील, तर पुढे चला.

२. पाणी खरंच किती जातंय ते मोजा (एक बादली, एक घड्याळ)

‘रोज पाणी घालतो’ हे माप नव्हे. कुंडीतल्या तुळशीला रोज तांब्याभर पाणी पुरतं. जमिनीतल्या चेरीला तीच सवय घातक, कारण रोजच्या थोड्या पाण्याने वरचे चार-पाच सेंटिमीटरच भिजतात आणि नवी मुळंही तिथेच, उन्हाने तापणाऱ्या थरात पसरतात. चेरीची मुळं मुळातच उथळ, बहुतेक वरच्या ३० ते ४५ सेंटिमीटरमध्ये. त्यांना ती खोली तरी मिळायला हवी.

जमिनीपासून १५ सेंटिमीटर उंचीवर खोडाची जाडी (व्यास, घेर नव्हे) मोजा. जाडीच्या प्रत्येक सेंटिमीटरमागे, पाऊस नसलेल्या उन्हाळी आठवड्यात साधारण १५ लिटर पाणी. नर्सरीतून येणारं झाड बहुतेक ३ ते ४ सेंटिमीटर जाडीचं असतं, म्हणजे आठवड्याला ४५ ते ६० लिटर. चिकणमातीत ते दोन पाळ्यांत द्या. जर्सी किनाऱ्याकडच्या वाळूमिश्रित मातीत तेवढंच पाणी तीन पाळ्यांत द्या, कारण वाळूत ओल टिकत नाही. लावल्यानंतरचे पहिले दोन आठवडे याला अपवाद आहेत: तेव्हा दर एक-दोन दिवसांनी १० लिटर थेट गोळ्यावर द्या, कारण मुळं अजून गोळ्याबाहेर पडलेली नसतात.

पाइपची धार पेन्सिलीएवढी ठेवा आणि १० लिटरची बादली किती वेळात भरते ते पाहा. चार मिनिटं लागली तर मिनिटाला अडीच लिटर, आणि ३० लिटरची पाळी बारा मिनिटांत पुरी होते. धार मोठी ठेवली तर पाणी मुरण्याआधीच उतारावरून वाहून जातं. तीन-तीन मिनिटांनी पाइप झाडाभोवती सरकवा. पहिल्या वर्षी गोळ्यावर आणि त्याच्या कडेला, दुसऱ्या वर्षापासून फांद्यांच्या टोकांखालच्या वर्तुळात. खोडावर धार कधीच नको.

पाऊस मोजायला सरळ कडांचा डबा उघड्यावर ठेवा. आठवड्यात त्यात २५ मिलिमीटर पाणी जमलं तर एक चौरस मीटर जमिनीला २५ लिटर मिळाले, त्या आठवड्याची पाळी सोडून द्या. न्यू जर्सीत सरासरीने महिन्याला १०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, पण उन्हाळ्यात तो वादळी सरींनी एकदम येतो आणि मधले दोन-तीन आठवडे कोरडे जातात. ‘परवा जोरात पडला की’ यावर भरवसा ठेवू नका, डबा बघा.

लॉनच्या स्प्रिंकलरवर झाड सोडलं असेल तर बहुतेक वेळा दोष तिथेच सापडतो. दहा-पंधरा मिनिटांच्या फवाऱ्याने गवताचं भागतं, झाडाच्या खोल मुळांपर्यंत काही पोचत नाही. वर तो फवारा रोज पानं भिजवतो, त्याचं पुढे पाचव्या तपासणीत.

३. बाहेरून येणारं पाणी शोधा

माती ओली निघाली आणि तुम्ही तर पाणी घालतच नसाल, तर जोराच्या पावसात छत्री घेऊन बाहेर उभे राहा. पन्हळीचा पाइप झाडाच्या दिशेने उघडतोय का? तळघरात साचलेलं पाणी बाहेर फेकणाऱ्या संप पंपाचं पाणी परसात कुठे पडतं? शेजारचा उतार तुमच्या झाडाशी संपतोय का? एडिसन-पिस्काटवेच्या बाजूला तळघर असलेल्या घरांमध्ये संप पंपाचं तोंड नेमकं त्या मोकळ्या हिरव्या कोपऱ्यात काढलेलं असतं, जिथे आपल्याला झाड लावावंसं वाटतं. पन्हळीला तीन मीटरचा लवचिक जोडपाइप लावून पाणी दुसरीकडे वळवलं की काम होतं. अतिशय स्वस्त दुरुस्ती आणि बहुतेक लोक ती सर्वात शेवटी करतात.

४. आळं, आच्छादन आणि पाण्याची पिशवी

लाकडाच्या चुऱ्याचं आच्छादन ५ ते ८ सेंटिमीटर जाड हवं आणि खोडापासून चारी बाजूंनी १० सेंटिमीटर दूर. या भागात लॉन सांभाळणारे कामगार दर वसंतात जुन्यावर नवा थर चढवतात आणि खोडाभोवती उंच ढीग करतात. त्या ढिगाखाली साल सतत ओली राहून कुजते, शिवाय हलका पाऊस आच्छादनच पिऊन टाकतो आणि मुळांना काहीच मिळत नाही. ढीग हाताने बाजूला करा. त्यांना तोंडी सांगून विसरलं जातं, म्हणून एप्रिलमध्ये ते येण्याआधी झाडाला चिठ्ठी बांधलेली बरी.

झाडाभोवती किमान एक मीटर व्यासाचं वर्तुळ गवतमुक्त ठेवा. गवताची मुळं त्याच थरातलं पाणी आधी ओढून घेतात.

खोडाला गुंडाळायची हिरवी पिशवी ५५ ते ७५ लिटर पाणी हळूहळू सोडते आणि आठवडाभर घरी नसणाऱ्यांना उपयोगी पडते. पण ती भरण्याआधी दर वेळी स्क्रूड्रायव्हर खुपसून पाहा. पावसाळी आठवड्यांत आणि हिवाळ्यात ती काढून ठेवा, नाहीतर सालीला हवा लागत नाही. तिच्या तळाची छिद्रं गाळाने बुजतात आणि बाहेरून ते कळत नाही. चोवीस तासांनंतरही पिशवी भरलेलीच असेल तर छिद्रं टाचणीने मोकळी करा.

५. ठिपके, मीठ, तणनाशक

जांभळे ठिपके, भोकं आणि मग पिवळी पानं हा क्रम दिसला तर तो पानांवरच्या ठिपक्यांचा बुरशीजन्य रोग असण्याची शक्यता मोठी. पाणी कमी-जास्त करून तो जाणार नाही, मात्र पानं भिजवणं थांबवलं की पसरायचा वेग कमी होतो. स्प्रिंकलरचं तोंड वळवा, पाणी पहाटे द्या आणि गळलेली पानं गोळा करून कचऱ्यात टाका, कारण बुरशी त्याच पानांत हिवाळा काढते. मोठं झाड त्याने सहसा मरत नाही. फवारणीची घाई नको.

कडा फक्त रस्त्याच्या किंवा ड्राइव्हवेच्या बाजूला करपल्या असतील तर हिवाळ्यात टाकलेलं मीठ आठवा. वसंतात बर्फ वितळल्यावर दोन-तीनदा भरपूर पाणी देऊन ते खाली ढकलता येतं, पण निचरा चांगला असेल तरच. घरात पाणी मृदू करणारं यंत्र असेल, तर बागेचा नळ त्याच्या आधीच्या पाइपवर आहे ना ते तपासा. त्यानंतरच्या पाण्यात सोडियम असतं.

पानं वेडीवाकडी मुरडली असतील आणि दोन-तीन आठवड्यांपूर्वी लॉनवर खत-तणनाशक एकत्र टाकलं असेल, तर पाण्याचा प्रश्न नाही. यातली काही तणनाशकं झाडाची मुळंही शोषतात.

६. निचरा चाचणी (एक फावडं, अर्धा दिवस)

झाडापासून दीड-दोन मीटरवर ३० सेंटिमीटर रुंद, ३० सेंटिमीटर खोल खड्डा खणा. पाण्याने भरा आणि पूर्ण जिरू द्या. पुन्हा भरा, काठीवर खूण करा आणि तासाने पातळी किती उतरली ते मोजा. पहिली भरणी मोजायची नाही, कारण कोरडी माती सुरुवातीला अधाशासारखं पाणी ओढते.

तासाला अडीच ते साडेसात सेंटिमीटर उतरलं तर चेरीसाठी योग्य. त्याहून जास्त असेल तर पाळ्या वाढवा, प्रत्येक पाळीचं पाणी कमी करा. अडीचपेक्षा कमी असेल तर दुसऱ्या तपासणीतलं सगळं माप निम्म्यावर आणा आणि दर वेळी माती पाहिल्याशिवाय पाणी देऊ नका. नव्या वसाहतीतल्या घरांमध्ये यंत्रांनी दाबलेल्या मातीवर पातळ थर पसरून लॉन अंथरलेलं असतं, तिथे पाणी दुसऱ्या दिवशीही खड्ड्यात उभं दिसतं. अशा जागी खड्ड्यात वाळू किंवा खडी घालण्याचा सल्ला मिळतो. तो ऐकू नका, तळाला खडी टाकल्याने पाणी निघून जात नाही, उलट ओला थर मुळांच्या आणखी जवळ येतो.

खणण्याआधी ८११ वर फोन करा. गॅस, वीज आणि केबलच्या तारा कुठे आहेत त्याच्या खुणा फुकट करून मिळतात. न्यू जर्सीत घरमालकालाही हे बंधनकारक आहे आणि किमान तीन कामाचे दिवस आधी कळवावं लागतं.

७. खोडाचा बुंधा उघडा करा

खोड जमिनीत सरळ खांबासारखं शिरत असेल, बुडाशी फाकलेलं दिसत नसेल, तर झाड खोल लावलं गेलं आहे. नर्सरीतच गोळ्यावर जास्तीची माती चढलेली असते, म्हणून तुम्ही खड्डा बरोबर खणूनही हे होतं. बोटांनी किंवा लाकडी पट्टीने माती हलके बाजूला करत पहिलं जाड मूळ सापडेपर्यंत जा. पाच-सात सेंटिमीटरवर सापडलं तर वरची माती काढून उथळ बशीसारखा उतार द्या. खोडाला वेढा घालणारं बारीक मूळ दिसलं तर धारदार कात्रीने कापा. अंगठ्याहून जाड मुळाला हात लावू नका.

बुंध्याशी डिंक असेल तर त्यात लाकडाच्या भुश्यासारखं काही मिसळलंय का पाहा. असेल तर खोडकिड्याची अळी आत आहे. स्वच्छ डिंक वर कुठेतरी असेल तर जखम, थंडीचा तडा किंवा रोगाची फोड असू शकते. पाण्याने यातलं काहीच बरं होत नाही, फक्त ताणाखालचं झाड अशांना लवकर बळी पडतं.

शरद ऋतूतलं पाणी, बहुतेकांचं राहून जाणारं

पुढच्या एप्रिलच्या कळ्या झाड याच उन्हाळ्यात तयार करतं. जुलै-ऑगस्टमध्ये ताण पडला तर कळ्या कमी धरतात. पानं अकाली गळली तर दुसरंच घडतं: कळ्यांना झोपवून ठेवणारी द्रव्यं पानांतून येतात, ती थांबतात, आणि ऑक्टोबरच्या उबदार आठवड्यात काही कळ्या उमलून जातात. त्या कळ्या वसंतातून वजा. झाड मरणार नाही, पण उन्हाळ्यात त्याचे हाल झाले एवढं नक्की समजा.

पानगळ झाली म्हणून नळ बंद करू नका. जमीन गोठेपर्यंत मुळं वाढत असतात. पाऊस नसेल तर नोव्हेंबरअखेरपर्यंत दहा दिवसांनी एक पाळी द्या. २०२४ चा ऑक्टोबर न्यू जर्सीत १८९५ पासूनच्या नोंदींतला सर्वात कोरडा महिना ठरला आणि नोव्हेंबरमध्ये राज्याने दुष्काळाचा इशारा जाहीर केला. नवी झाडं जपायला लागतात ती अशाच वेळी.

महाराष्ट्रातल्या नातेवाइकांना मात्र हे वेळापत्रक पाठवू नका. योशिनो आणि कान्झानला फुलण्यासाठी दीर्घ थंडी लागते, ती पुण्या-मुंबईत मिळत नाही. ऑनलाइन मागवलेलं रोप तिथे पाणी कितीही नेमकं दिलं तरी फुलत नाही. मुंबईत विक्रोळीजवळ पूर्व द्रुतगती मार्गावर फुलणारी गुलाबी झाडं चेरीची नव्हे, टॅबेबुयाची आहेत. शिलाँगला नोव्हेंबरमध्ये फुलणारी हिमालयी चेरी ही वेगळी जात.

इथे थांबा आणि माणूस बोलवा

माती वाफशावर ठेवून तीन आठवडे झाले आणि तरीही नव्या फांद्या वाळत आहेत. नखाने फांदीची साल खरवडली तर आत हिरवं न दिसता तपकिरी दिसतं आणि ते टोकाकडून खोडाकडे सरकतंय.

बुंध्याजवळची साल मऊ, काळपट आहे आणि थोडी खरवडल्यावर आत लालसर तपकिरी पट्टा दिसतो, ज्याची कड निरोगी पांढरट भागापासून स्पष्ट वेगळी आहे. हे फायटॉप्थोरा या मूळकुजीचं चिन्ह असू शकतं. अंदाजाने औषधं आणू नका.

झाडाची एकच बाजू मलूल आहे. पहिलं मूळ १० सेंटिमीटरपेक्षा खोल आहे. त्यावरची माती हवेच्या झोताने काढावी लागते, फावड्याने मुळं तुटतात. झाड ढकलल्यावर बुडाशी हलतं आणि ते घराजवळ आहे, तर त्याच दिवशी फोन करा.

पहिला फोन आपल्या काउंटीतल्या रटगर्स विद्यापीठाच्या कृषी विस्तार कार्यालयाला. तिथले प्रशिक्षित स्वयंसेवक फोटो पाहून दिशा देतात, आणि रटगर्सच्याच प्रयोगशाळांत अल्प शुल्कात माती आणि रोगट नमुना तपासून मिळतो. नवी पानं पिवळी आणि शिरा हिरव्या असतील तर मातीचा सामू (पीएच) आधी पाहा. चेरीला ६ ते ७ मानवतो, त्याच्या बराच वर असेल तर जमिनीत लोह असूनही झाडाला ते घेता येत नाही. अहवाल येईपर्यंत लोहाचं खत टाकू नका. प्रत्यक्ष झाडावर काम करायला राज्याचा परवाना असलेला वृक्षतज्ज्ञच बोलवा, परवान्याचा क्रमांक मागा. पाहणी न करता फोनवरूनच ‘खताची इंजेक्शनं देऊ’ म्हणणाऱ्याला नकार द्या, ओल्या मुळांना खताने अपायच होतो.

झाड गेलंच, तर त्याच खड्ड्यात पुन्हा चेरी किंवा पीच लावू नका, जुन्या मुळांवरचे रोगजंतू नव्याला लगेच गाठतात. किमान तीन मीटर बाजूला सरका, तिथे निचरा चाचणी घ्या, आणि निचरा मंद निघाला तर झाडाचा गोळा जमिनीपासून ८ ते १० सेंटिमीटर वर राहील असा उंचवटा करून, त्याला चारी बाजूंनी रुंद उतार देऊन लावा.